ऐतवारची पिवळी वाटी

जगातली पहिली करी पावडर हिंगोलीत झाली, असं आमच्या घरमालकाचं म्हणणं होतं. लंडनात नाही, मद्रासला नाही, हिंगोलीत. छावणीत. त्याच्या पणज्याच्या हातून. हे तो पाहुण्याला पाणी द्यायच्या आधी सांगायला लागायचा आणि पाहुणा चप्पल घालेपर्यंत सांगत राहायचा. मी चौथी शिकलेला माणूस, मला काय खरंखोटं कळणार. पण माझी बायको एक अक्षर शिकलेली नव्हती, तिला बराबर कळायचं. ती म्हणायची, "अवो, हिंगोलीत झाली असती तर हिंगोलीत कुनीतरी खाल्ली नसती का?"

मी मोंढ्यात, धान्याच्या बाजारात, हमाल होतो. हळदीचा हंगाम आला की माणूस डोक्यापासून नखापर्यंत पिवळा. कान पिवळे, थुंकी पिवळी. खोली भाड्यानं पाहिजे म्हणून मी त्याच्या दारात उभा राहिलो तेव्हा कामावरून थेट गेलो होतो. त्यानं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, जवळ येऊन सदऱ्याचा वास घेतला आणि विचारलं, "कुरुंद्याकडचा माल हाय का?"

म्हटलं, "हाय."

"मंग खोली तुमची. नाव-गाव मागून सांगा."

नाव त्यानं मागून पण विचारलं नाही. पंधरा-सोळा वर्षं मला हळद्या म्हणायचा. मी त्याला मालक म्हणायचो. बायको पण मालकच म्हणायची, पण तिच्या म्हणण्यात एक बारीक सुई असायची.

तो सरकारी डाक बंगल्यावर खानसामा होता. आम्ही राहायला गेलो तेव्हा निवृत्त झालेला. बाप तिथंच खानसामा, आजा तिथंच, आणि पणजा त्याच्याही आधी छावणीतल्या गोऱ्या साहेबाकडं. नोकरी सुटली होती, पण ते त्याच्या हातापायाला कुणी सांगितलं नव्हतं. सकाळच्या पहिल्या चहाला तो छोटी हाजरी म्हणायचा. ऐतवारी पितळी बटणांचा पांढरा कोट घालायचा. त्याची बायको आम्ही यायच्या आधीच गेलेली, लेकरू नाही. घरात एकटा. तीन पायांचं टेबल, चौथ्या पायाच्या जागी विटा. स्वयंपाक झाला की खांद्यावर फडकं टाकून खुर्चीपाशी उभा राहायचा आणि तिच्यावर माणूस बसलेला असावा तसं म्हणायचा, "खाना तैयार है, साब." मग फडकं काढून ठेवायचा, टेबलाला वळसा घालून त्याच खुर्चीवर बसायचा, एक घास खायचा आणि जड आवाजात म्हणायचा, "ठीक है." लगेच उठून कपाळाला हात लावून सलाम करायचा. मग पुन्हा बसून जेवायचा.

आम्ही खिडकीतून पाहायचो आणि तोंडावर पदर, धोतर जे हाताला लागेल ते धरायचो. एकदा तर साहेबानं खाना परत पाठवला. मालक बसला, घास घेतला, थाळी ढकलून दिली आणि उठून आत जाऊन तासभर पुटपुटत राहिला, की आजकालच्या साहेबाला काही समजत नाही.

आता त्या पावडरीचं सांगतो. मी मोंढ्यातून चार हळकुंडं खिशात घालून आणायचो. तो एकेक घेऊन फरशीवर टाकायचा आणि कान लावायचा. खणखणीत वाजलं तर ठेवायचा, बद्द वाजलं तर माझ्याकडं असं पाहायचा, जणू ते हळकुंड मीच शिजवलं होतं. धने, जिरं, मेथी, मिरे, सुंठ, मोहरी तव्यावर टाकून तो त्यावर वाकून बसायचा. "करपवायचं न्हाई. नुस्ता घाम फुटू द्यायचा." आणि शेवटाला लाल मिरची, एकच. ती पण बी काढून. ही मिरची म्हणजे सायबाला सलाम, असं तो म्हणायचा. जास्त केला तर साहेब नाराज होतो.

मिरचीच्या अशा लाडावर माझ्या बायकोचा जीव कासावीस व्हायचा. तिचा काळा मसाला म्हणजे खोबरं, तीळ, दगडफूल पार काळं होईपर्यंत भाजलेलं, आणि मिरच्या पसाभर. तिच्या येसराच्या आमटीला अर्ध्या गल्लीतल्या बाया वाटी घेऊन यायच्या. भाजलेलं धान्य नि मसाला दळून केलेला तो येसर, लग्नाला पाचशे माणसाला पुरला पाहिजे असा जोरदार. ती म्हणायची, "मालक, ही पावडर हाय का बाळंतिनीचं औषध?"

तो रागवायचा नाही. त्याला इतिहास सांगायला वाट मिळायची.

"बाई, ऐका. तुमच्याकडं वांग्याला येगळा मसाला, मटनाला येगळा, आमटीला येगळा. सायबाला एवढं ध्यानात ठिवायला येळ कुठं? त्याला जे समजत न्हाई ते समदं करी. वांगं करी, दोडका करी, कोंबडी करी. मंग साहेब बोटीत बसून विलायतेला चालला. तिथं ना पाटा, ना वरवंटा, ना कांदा परतायला मानूस. तो माझ्या पणजाला म्हन्ला, खानसामा, तू तर येत न्हाईस, तुझं डोकं तेवढं ह्या डब्यात भरून दे. पणजानं दिलं. ती करी पावडर."

"मंग डब्यावर मद्रास काहून लिहितेत?" हे मी विचारलं. दुकानात तसे डबे पाहिले होते.

"लिहिलं म्हून झालं का? मद्रासला बंदर व्हतं. हिंगोलीला बंदर असतं तर?"

एकदा शेजारच्या गल्लीतले एक मास्तर आले. शिकलेला माणूस, त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे सांगितलं, की विलायतेत ही पावडर दुकानात विकत मिळत होती ती तुमच्या पणज्याच्या जन्माआधीपासून. आपल्याकडच्या घरात असला एकच एक मसाला कधी नव्हता, तो व्यापाऱ्यांनी साहेब लोकांसाठी बनवला. मला वाटलं, झालं, आता मालक संपला. तो म्हणाला, "मिळत असंल. चांगली मिळत नसंल."

पुराव्याला त्याच्याकडं एक डबा होता. गंजलेला, वर काही छापलेलं असलं तरी गंजानं खाल्लेलं, झाकणाला दोरा बांधलेला. तो डबा तो हुंगायला द्यायचा. "नाक लावू नगा, नुस्तं वारं घ्या." मी वारं घेतलं. लोखंडाचा वास आला.

त्या काळात दुकानांत मसाल्याच्या पुड्या माळेसारख्या लटकायला लागल्या होत्या. तो एकेक आणायचा, वर्तमानपत्रावर ओतायचा आणि बोटानं चाटून पंचनामा करायचा. "धने जुने. हळद पॉलिश जास्त, जीव कमी. ह्यात तर मीठ हाय!" मीठ सापडलं की त्याचा आवाज चढायचा. मसाल्यात मीठ टाकणारा तो चोर, असं त्याचं ठाम मत. "पावडर खानसाम्याची, मीठ खानाऱ्याचं. मीठ शेवटाला टाकायचं, खानाऱ्याचं तोंड बघून. ज्यानं खाल्लंच न्हाई त्याला मिठाचं काय कळतं?"

ह्या माणसाला आयुष्यात एकच पाहिजे होतं. माझ्या बायकोनं त्याच्या करीला चांगलं म्हणावं. बाकी कुणाचं त्याला पडलेलं नव्हतं. मी तर हमाल, मला दगड दिला तरी मी भाकरीसंगं खाईन, हे त्याला माहीत होतं. पण गल्लीत हात कुणाचा चांगला, तर हिचा. म्हणून दर ऐतवारी तो कोट घालून एक वाटी घेऊन यायचा, वर बशी झाकलेली. आणि तासाभरानं वाटी न्यायला यायचा तेव्हा उंबऱ्याबाहेर उभा राहून विचारायचा, "बाई, कसं झालं?"

बायको म्हणायची, "रंग लई चांगला आला, मालक."

पुढच्या ऐतवारी, "वास पार नळापर्यंत गेलता."

त्याच्या पुढच्या, "वाटी किती घासता वो तुमी, तोंड दिसतं."

तो मान हलवायचा, वाटी घ्यायचा, जायचा. आम्ही दार लावून हसायचो. कितीतरी वर्षं हे चाललं. चांगलं हा शब्द तिनं रंगाला दिला, वासाला दिला, वाटीला दिला. करीला दिला नाही.

मग हिंगोली जिल्हा झाला. जिल्हा झाला म्हणजे साहेब वाढले. एकदा एक मोठा साहेब मुक्कामाला येणार आणि डाक बंगल्यावरचा नवा खानसामा तापानं पडलेला. चपराशी सायकलवर मालकाकडं आला. मालकानं कोटाची बटणं चिंचेनं घासली, ती पार दिव्यासारखी केली. जाताना आमच्या दारात थांबून म्हणाला, "आज लिहून घेनार साहेब. जिल्ह्याच्या कागदावर. करी पावडर, जन्म हिंगोली." खिशात वहीचं पान पण होतं, अर्ज लिहिलेला.

दुपारी दीडला तोच चपराशी पुन्हा आला, ह्या वेळेला आमच्या दारात. "मावशी, हातचं सोडा. सायबाला ठेचा-भाकर पायजे. गावरान काय मिळत न्हाई का म्हन्ते. ते पिवळं बघून म्हन्ले, हे आजाऱ्याचं हाय का?"

बायकोनं माझ्याकडं पाहिलं. मी खांदे उडवले. तिनं ज्वारीच्या चार भाकरी थापल्या, ठेचा केला, येसराची आमटी डब्यात भरली. साहेबानं बोटं चाटली म्हणे. साहेब खेड्यातलाच पोरगा, आईच्या हातची आठवण आली म्हणाला. मालकाची करी वाटीतच राहिली, वर साय धरलेली.

संध्याकाळी मालक चालत घरी आला. कोट घडी करून हातावर घेतलेला. बायको दारातच उभी होती. तिला काहीतरी बोलायचं होतं. तोच बोलला, "बाई, तुमची चूक न्हाई. साहेबच हरामखोर निघाला. साहेब असून ठेचा खातो."

मग माझ्याकडं वळला. "हळद्या, त्या म्हशीला सांग, आता ऐतवार बंद."



आता सांगून टाकतो. आमच्या खोलीच्या मागं एका गवळ्याची म्हैस बांधलेली असायची. मालक बौद्ध, आम्ही धनगर. त्याच्या दोन खोल्या आम्हाला चालल्या, त्याचा नळ चालला, वाटी चालत नव्हती. कुणी आम्हाला सांगितलं नव्हतं, कुणी शपथ घातली नव्हती. गावाकडचे पाहुणे आले की काय म्हणतील, एवढंच. पहिल्या ऐतवारी बायकोनं वाटी मागच्या दारानं नेली आणि म्हशीच्या घमेल्यात ओतली, वाटी राखेनं घासून ठेवली. दुसऱ्या ऐतवारी पण तेच. मग सवय झाली. रंग चांगला आला, हे ती खोटं बोलत नव्हती. रंगच तेवढा तिनं पाहिलेला होता.

आणि हे त्याला पहिल्यापासून माहीत होतं. तरी कोट घालून यायचा. तरी विचारायचा, कसं झालं. त्या संध्याकाळी जाता जाता म्हणाला, "म्हैस बरी. तिनं कधी नाव ठिवलं न्हाई."

वाटी बंद झाली. तो बोलणं बंद करेल असं वाटलं होतं, ते त्यानं केलं नाही. हळद्या म्हणत राहिला, हळकुंडं वाजवत राहिला. फक्त ऐतवारी आमचं दार वाजायचं नाही. बायको त्या वेळेला उगीच दारात जाऊन यायची. एकदा म्हणाली, "आपुन खोली सोडू." मी म्हटलं, काहून? ती परत दारात जाऊन आली. आम्ही खोली सोडली नाही, आणि त्याला माफी पण मागितली नाही. मागायला तोंड लागतं.

तीन-चार वर्षांनी तिच्या गालाच्या आत फोड आला. जन्मभर बोटानं तंबाखूची मिसरी लावली, तिचा तो प्रसाद. नांदेडला नेलं. कॅन्सर निघाला, विजेचे शेक दिले. फोड जळाला, पण तोंड पण जळालं. आतून सोलल्यासारखं लालभडक. भाकर दूर राहिली, वरण झोंबायचं, कोमट पाणी झोंबायचं. गल्लीतल्या कुणाच्या घरात फोडणी पडली की ती पदर तोंडावर घेऊन भिंतीकडं वळायची. तिच्या स्वतःच्या काळ्या मसाल्याचा डबा मी कापडात गुंडाळून माळ्यावर ठेवला. पेज केली तर दोन घोट घेऊन बाजूला सारायची. मी भात शिजवला, तो भिंत लिंपायच्या कामाचा झाला. एवढी आमटीवाली बाई, आणि महिनाभरात हाडं दिसायला लागली. एकदा हातवारे करत, जाड झालेल्या जिभेनं म्हणाली, "मराया न्हाई भेत मी. हे बेचव लई वाईट."

कुणीतरी मालकाला सांगितलं असेल. तो दारात येऊन उभा राहिला. "बाईला तिखट सोसत न्हाई म्हन्तेत, व्हय का?"

"व्हय."

"मिरीबी न्हाई?"

"पाणी सोसत न्हाई, मालक."

तो गेला. तीन दिवस त्याच्या खोलीतून खलबत्त्याचा आवाज येत राहिला. चौथ्या दिवशी आला, वार ऐतवार नव्हता तरी अंगात कोट. वाटीवर बशी. आत तांदळाच्या कण्या नि मुगाची डाळ, शिजवून गाळलेली, दुधात सैल केलेली, आणि तोच पिवळा रंग.

"मिरची काढली," तो म्हणाला. "मिरे काढले, सुंठ काढली, मोहरी काढली. धने, जिरं, हळद अन् जरा बडीशेप."

"मंग राहिलं काय ह्यात?"

"खाता येतं ते राहिलं. सायबाचं तोंड नाजूक म्हून तर माझ्या पणजानं हे केलतं."

मी तिला चमच्यानं दिलं. तिनं घास तोंडात धरून ठेवला. मी वाट पाहत होतो, आता थुंकेल. गिळला. दुसऱ्या घासाला तोंड उघडलं. बाहेर तो उभाच होता. मी रिकामी वाटी घेऊन गेलो तर विचारतो, "म्हैस का बाई?"

"बाई," मी म्हटलं.

सात महिने हे चाललं. रोज दोन वाट्या. रोज तोच सवाल, म्हैस का बाई, आणि त्याच्यात जे टोचायचं ते बराबर टोचायचं. तो विसरणाऱ्यातला नव्हता, आणि वाटी पण चुकवणाऱ्यातला नव्हता. पावसात डोक्यावर पोतं घेऊन यायचा, वाटी कोटाच्या आत. कसं झालं, हे मात्र त्यानं विचारणं सोडलं होतं.

एका सकाळी ती घास घेता घेता थांबली. बोटानं मला जवळ बोलावलं. म्हणाली, "त्यांला सांगा. मीठ कमी हाय."

मी सांगायला गेलो. तो भांडी घासत होता. ऐकून हात थांबले.

"नुस्तं मीठ?"

"नुस्तं मीठ."

"हळद कच्ची लागली म्हन्ली का?"

"न्हाई."

"धने?"

"काय न्हाई बोलली. मीठ कमी हाय, एवढंच."

तो ओल्या हातानं साहेबाच्या खुर्चीवर बसला. मग म्हणाला, "मीठ मागितलं. म्हंजी खाऊन राहिली बाई." मग, "मीठ मी जानून कमी टाकतो. आतून सोललेलं हाय, झोंबंल. बरी झाली की टाकीन म्हनावं. तिच्या हिशोबानं टाकीन."

मी येऊन तिला सांगितलं. ती हसली का तोंड दुखलं, कळलं नाही.

ती बरी झाली नाही.

तिला नेऊन आल्यावर घरात चूल पेटवायची नव्हती. अशा दिवशी पहिला घास बाहेरून येतो, त्याला आमच्यात कडू घास म्हणतात, नात्यातल्या कुणी आणायचा. माझा मोठा मेव्हणा भिंतीला टेकून बसलेला. म्हणाला, "सेनगावहून भाकरी निघाल्यात जीपनं. येतीलच." खोलीभर गावाकडची माणसं, कुणी कुणाकडं पाहत नव्हतं.

दारात सावली आली. मालक. पांढरा कोट, पितळी बटणं, हातात पातेलं, त्यावर धुतलेलं फडकं. उंबऱ्याच्या आत आला नाही. पातेलं उंबऱ्यावर ठेवलं आणि दोन पावलं मागं सरकून उभा राहिला. मेव्हणा माझ्या कानाला लागला, "पावणं, थांबा जरा. जीप येऊन राहिली."

मी उठलो. ताटली घेतली, पातेल्यातलं वाढून घेतलं आणि उंबऱ्यातच बसलो. त्याच्याकडं तोंड करून, घराकडं पाठ करून. तोच पिवळा रंग, त्याच कण्या. घास तोंडात घातला.

मीठ होतं. तिच्या हाताला असायचं तेवढं, पुरतं.

घास गिळला. तो समोर उभा, डोळे जमिनीकडं, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्याच्या तोंडावर काही सवाल नव्हता. म्हणून मीच बोललो. "मीठ बराबर हाय, मालक."

त्यानं हात कपाळाला लावला, खुर्चीतल्या साहेबाला लावायचा तसा.

मागून मेव्हण्यानं हळूच विचारलं, "काय हाय वो ते पिवळं?"

मी आत सगळ्यांना नि बाहेर त्याला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं, "करी पावडर. जगातली पहिली. आपल्या हिंगोलीत झाली."